कराचीहून निघालेली चित्रफीत

(ग्रामपंचायत सदस्य, शिक्षक व शासकीय कर्मचारी यांच्यासमोर दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)

सन २०१६ मध्ये कराची शहरातील ‘रोशनी हेल्पलाइन’ या संस्थेने एक छोटी चित्रफीत प्रसृत केली. हरवलेल्या मुलांचा शोध घेणे हे या संस्थेचे कार्य. चित्रफीत अशी : गल्लीत मुले क्रिकेट खेळत आहेत. मोटारसायकलवरून दोन इसम येतात आणि डोळ्याचे पाते लवते न लवते तोच एका लहानग्याला उचलून पसार होतात. इतर मुले ओरडत मागे धावतात. सारे दृश्य उंचावरच्या पहाऱ्याच्या कॅमेऱ्याने टिपल्यासारखे दिसते, त्यामुळे ते खरेच वाटते. पुढे काही क्षणांतच तीच मोटारसायकल परत येते, मूल सुखरूप खाली उतरवले जाते आणि त्या दोघांपैकी एक जण फलक उघडून दाखवतो. कराचीच्या रस्त्यावरून मूल पळवायला एक क्षण पुरतो, तेव्हा मुलांवर लक्ष ठेवा, असा त्या फलकावरील मजकुराचा आशय.

हेतू लोकशिक्षणाचा होता आणि तो उत्तम रीतीने साधला होता. या चित्रफितीचा दोष एवढाच की, तिचा प्राण तिच्या शेवटच्या काही क्षणांत होता. कोणा अज्ञात हाताने तो शेवट कापला. उरलेला भाग दूरध्वनीसंचातून दूरध्वनीसंचात जात सरहद्द ओलांडून भारतात आला. येथे त्याला ठिकठिकाणच्या भाषांतून नवे मथळे जोडले गेले : मुले पळवणारी टोळी आपल्या भागात उतरली आहे, सावध राहा. कराचीची गल्ली पाहणाऱ्याला आपल्याच शहरातील वाटली, कारण गल्ली, मुले, चेंडू आणि मोटारसायकल दोन्हीकडे सारखीच असतात. सावधगिरीसाठी तयार केलेली वस्तू अशा रीतीने भयाची वस्तू झाली.

सन २०१८ चा उन्हाळा भारतात या भयाचा ठरला. त्याला ही एकच चित्रफीत कारणीभूत होती असे म्हणता येणार नाही. सीरियात २०१३ साली विषारी वायूने मृत्यू पावलेल्या बालकांची छायाचित्रेही त्या काळात ‘अवयवांसाठी मारलेली मुले’ म्हणून आपल्याकडे फिरत होती. २३ मे रोजी बंगळूर शहरात राजस्थानातून पोटासाठी आलेल्या एका तरुणाला जमावाने ठार केले. ८ जून रोजी आसामातील कार्बी आंगलाँग जिल्ह्यात दोन तरुण मारले गेले. २८ जून रोजी त्रिपुरात जे घडले ते माहिती प्रसारणाच्या कामातील प्रत्येकाने लक्षात ठेवावे असे आहे. मुले पळवण्याच्या अफवांवर विश्वास ठेवू नका, असे ध्वनिवर्धकावरून गावोगाव सांगत फिरण्यासाठी तेथील शासनाच्या माहिती खात्याने एका इसमाची नेमणूक केली होती. जमावाने त्यालाच मुले पळवणारा ठरवून ठार केले.

त्यानंतर अवघ्या तीन दिवसांनी, १ जुलै २०१८ रोजी, धुळे जिल्ह्यातील साक्री तालुक्यात राईनपाडा येथे आठवडे बाजार भरला होता. नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे पाच जण भिक्षा मागण्यासाठी तेथे आले होते. त्यांतील बहुतेक सोलापूर जिल्ह्यातील मंगळवेढा तालुक्याचे रहिवासी होते. संशय आला, गलका झाला आणि पाचही जणांना ग्रामपंचायतीच्या कार्यालयात कोंडून मरेपर्यंत मारण्यात आले. ज्या वास्तूत जन्ममृत्यूची नोंद होते, घरपट्टी भरली जाते आणि ग्रामसभेची इतिवृत्ते ठेवली जातात, त्याच वास्तूत हे घडले. याच सुमारास मालेगावातही एक कुटुंब जमावाच्या तावडीत सापडले होते. तेथे पोलीस वेळेवर पोहोचले आणि त्या कुटुंबातील लहान मुलासह सर्वांचे प्राण वाचले.

कराचीची ती चित्रफीत जेथून निघाली, त्या देशात असे प्रकार कसे घडतात, हे पाहणे म्हणूनच केवळ शेजाऱ्याच्या घरात डोकावणे ठरत नाही.

पाकिस्तानात तिसऱ्या व चौथ्या पिढीच्या भ्रमणध्वनी लहरींचा लिलाव एप्रिल २०१४ मध्ये झाला. त्यापूर्वी सामान्य माणसाच्या हातातील संचावर चलच्चित्र पाहणे हे कष्टाचे काम होते. त्यानंतर थोड्याच वर्षांत स्वस्त संच खेड्यापाड्यांत पोहोचले. देशातील साक्षरता साठ टक्क्यांच्या आसपास. राष्ट्रभाषा उर्दू असली तरी ती घरात बोलणारे लोक दहांत एकापेक्षाही कमी, बाकीच्यांच्या मातृभाषा पंजाबी, पश्तो, सिंधी, सराईकी, बलुची अशा. अशा देशात वृत्तपत्राला भाषेची आणि अक्षरओळखीची जी वेस ओलांडावी लागते, ती चित्रफितीला लागत नाही. टिकटॉकसारखे माध्यम तेथे झपाट्याने पसरले त्याचे एक कारण हेच असावे.

यातले सारेच वाईट आहे असे समजण्याचे कारण नाही. इस्लामाबादच्या बाजारात चहा करणाऱ्या निळसर डोळ्यांच्या एका तरुणाचे छायाचित्र ऑक्टोबर २०१६ मध्ये साऱ्या जगात फिरले आणि त्याचे दिवस पालटले. फेब्रुवारी २०२१ मध्ये दनानीर मुबीन या तरुणीने मित्रमैत्रिणींसह सहलीला गेली असता ‘पार्टी’ या शब्दाचा मुद्दाम ‘पावरी’ असा उच्चार करून काही क्षणांची थट्टा केली. त्या थट्टेला चाल लावून ती भारतात घरोघरी नेली औरंगाबादच्या, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरच्या, यशराज मुखाटे या तरुण संगीतकाराने. दोन्ही देशांतील राजदूत ज्या काळात आपापल्या जागी नव्हते, त्या काळात हा विनोद मात्र बिनपरवाना ये-जा करीत होता. विनोदाला जो रस्ता मोकळा असतो, तोच अफवेलाही मोकळा असतो, आणि अफवेचा वेग अधिक असतो. अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स तंत्रज्ञान संस्थेच्या संशोधकांनी ट्विटरवरील मजकुराचा अभ्यास करून २०१८ साली ‘सायन्स’ या नियतकालिकात निष्कर्ष प्रसिद्ध केले. खोटी बातमी पुढे पाठवली जाण्याची शक्यता खऱ्या बातमीपेक्षा सत्तर टक्क्यांनी अधिक असते आणि पंधराशे लोकांपर्यंत पोहोचण्यास खऱ्या बातमीला सुमारे सहापट वेळ लागतो, असे त्यांना आढळले. हे काम यंत्रांपेक्षा माणसेच अधिक करतात, हाही त्यांचा निष्कर्ष होता.

आता पेशावरची हकीकत. दिनांक २२ एप्रिल २०१९. पाकिस्तानात पोलिओ डोसाची मोहीम सुरू होती. पेशावर शहरानजीक माशोखेल या गावातील शाळेत डोस घेतल्यावर काही मुलांना मळमळ व चक्कर येत असल्याची आवई उठली. मशिदींच्या ध्वनिवर्धकांवरून पुकारा झाला. रुग्णालयात नेलेल्या मुलांची दृश्ये काही मिनिटांत दूरचित्रवाणीवर आणि दूरध्वनीसंचांवर झळकली. खैबर पख्तुनख्वा प्रांतातील आईबाप धडकी भरून आपापली मुले घेऊन रुग्णालयांकडे धावले. अशा मुलांची संख्या पंचवीस हजारांवर गेली. त्यांना तपासणाऱ्या डॉक्टरांना काहीही अपाय आढळला नाही. इकडे जमावाने गावातील आरोग्य केंद्र पेटवून दिले.

त्यानंतर दुसरी एक चित्रफीत बाहेर आली. तीत एक इसम रुग्णालयात धडधाकट उभ्या असलेल्या मुलांना खाटेवर पडून बेशुद्धीचे सोंग घ्यायला सांगतो आणि मुले निमूटपणे आडवी होतात, असे स्पष्ट दिसते. त्या इसमाला अटक झाली. पण खुलासा अफवेच्या मागून पायी चालत गेला. त्या आठवड्यात पोलिओ पथकांवर हल्ले झाले, एक महिला कार्यकर्ती व संरक्षणासाठी नेमलेले पोलीस मारले गेले आणि देशभरातील मोहीम स्थगित करावी लागली. सन २०१८ मध्ये पाकिस्तानात रानटी पोलिओ विषाणूचे १२ रुग्ण होते, २०१९ मध्ये ते १४७ झाले. या वाढीला पेशावरची एकच घटना कारण नव्हती, लसीकरणातील जुन्या उणिवाही होत्या. परंतु डोस नाकारणाऱ्या घरांची संख्या त्या दिवसानंतर वाढली हे खरे. भारताला २०१४ साली पोलिओमुक्त म्हणून मान्यता मिळाली. ज्या दोन देशांत हा रोग अद्याप ठाण मांडून आहे त्यांत पाकिस्तान आहे, दुसरा अफगाणिस्तान. आपल्याकडील आरोग्यसेविकेला आणि अंगणवाडी सेविकेला या हकीकतीचे मर्म समजावून सांगण्याची गरज नाही. दार लावून घेणारी घरे त्यांनी पाहिलेली आहेत.

पाकिस्तानात ज्या आरोपाने जमाव सर्वांत लवकर पेटतो तो धर्मनिंदेचा. मर्दान येथील अब्दुल वली खान विद्यापीठात मशाल खान हा विद्यार्थी जनसंज्ञापन हाच विषय शिकत होता. त्याने समाजमाध्यमांवर धर्मनिंदा केली अशी वदंता उठली आणि १३ एप्रिल २०१७ रोजी विद्यापीठाच्या आवारात शेकडोंच्या जमावाने त्याला ठार केले. संयुक्त चौकशी पथकाला धर्मनिंदेचा कसलाही पुरावा मिळाला नाही. विद्यापीठाच्या कारभारावर तो टीका करीत असे, हे मात्र आढळले. सियालकोट येथे ३ डिसेंबर २०२१ रोजी कारखान्याचे व्यवस्थापक प्रियंथा कुमारा या श्रीलंकेच्या नागरिकाचा असाच अंत झाला. त्या वेळी जमावातील काही जण जळत्या देहासमोर उभे राहून स्वतःची छायाचित्रे काढीत होते. जमावाने स्वतःच्या कृत्याचे चित्रण करावे आणि पुढे तेच चित्रण न्यायालयात त्याच्याविरुद्ध पुरावा व्हावे, असे या दोन्ही खटल्यांत झाले. सियालकोटच्या खटल्यात एप्रिल २०२२ मध्ये सहा जणांना फाशीची शिक्षा सुनावण्यात आली.

लाहोरच्या अछरा बाजारात २५ फेब्रुवारी २०२४ रोजी हेच पुन्हा घडायचे, पण घडले नाही. एक महिला पतीसह बाजारात आली होती. तिच्या अंगरख्यावर अरबी अक्षरांची नक्षी छापलेली होती. ती कुराणातील वचने आहेत असा कोणी तरी समज करून घेतला, गर्दी जमली आणि संचांचे कॅमेरे तिच्यावर रोखले गेले. ती हाताने तोंड झाकून उपाहारगृहात बसली आहे, हे दृश्य तिची सुटका होण्याआधीच गावभर झाले होते. वस्तुतः कापडावरचा शब्द ‘हलवा’ असा होता. अरबीत त्याचा अर्थ गोड, सुंदर. उर्दू वाचणाऱ्याला ती लिपी ओळखीची वाटते, पण अरबी भाषा कळतेच असे नाही. या अर्ध्या ओळखीनेच घात केला असता. साहाय्यक पोलीस अधीक्षक सय्यदा शहरबानो नक्वी जमावासमोर उभ्या राहिल्या, लोकांशी बोलल्या, त्या महिलेला वस्त्र पांघरून हाताला धरून गर्दीतून बाहेर घेऊन गेल्या. पुढे मौलवींनीही अंगरख्यावर धर्मवचन नसल्याचे सांगितले. तरीही क्षमा मागावी लागली ती त्या महिलेलाच.

स्त्रियांच्या बाबतीत या माध्यमाची धार निराळीच आहे. कोहिस्तान हा उत्तरेकडील दुर्गम डोंगराळ प्रदेश. तेथील पालस खोऱ्यात २०१० साली एका लग्नघरी काही मुली टाळ्या वाजवून गाणी म्हणत होत्या आणि एक तरुण नाचत होता. कोणी तरी ते चित्रित केले. मुली आणि तो तरुण एका चौकटीत एकत्र दिसतही नाहीत. ही चित्रफीत कोणत्याही मोठ्या माध्यमावरून पसरली नाही. ती संचातून संचात, हस्ते परहस्ते, खोरे ओलांडीत गेली आणि २०१२ साली ती उघड होताच तेथील जिरग्याने, म्हणजे जातपंचायतीने, कुळाचा अपमान झाल्याचे ठरवले. मुलींना ठार केल्याचा आरोप त्या तरुणाचा भाऊ अफजल कोहिस्तानी याने जाहीरपणे केला आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. मुली जिवंत असल्याचे सांगून चौकशीसाठी आलेल्यांसमोर दुसऱ्याच मुली उभ्या करण्यात आल्याचा संशय व्यक्त झाला. अफजलचे तीन भाऊ जानेवारी २०१३ मध्ये मारले गेले. तो मात्र वर्षानुवर्षे न्यायालयाच्या पायऱ्या झिजवीत राहिला. ६ मार्च २०१९ रोजी अबोटाबादच्या रस्त्यावर त्याचाही खून झाला. लग्नातल्या टाळ्यांची ही किंमत.

हे जुने झाले असे म्हणावे, तर मे २०२० मध्ये वझिरिस्तानात अशाच एका चित्रफितीवरून दोन मुलींना घरच्यांनीच मारले. नोव्हेंबर २०२३ मध्ये त्याच कोहिस्तान भागात एका तरुण मुलीचे मुलांसमवेतचे छायाचित्र फिरले, जिरग्याचा निर्णय झाला आणि तिला ठार करण्यात आले. ते छायाचित्र फेरफार करून बनवलेले होते, असे पोलिसांनी नंतर सांगितले. आता तर कृत्रिम बुद्धिमत्तेच्या साहाय्याने कोणाचाही चेहरा कोणत्याही देहावर बसवता येतो. पंजाब प्रांताच्या माहितीमंत्री अझमा बुखारी यांनाही जुलै २०२४ मध्ये अशा बनावट अश्लील चित्रफितीचा त्रास सोसावा लागला आणि त्या न्यायालयात गेल्या. मंत्र्याला न्यायालय गाठता येते. पालस खोऱ्यातील मुलीला ते कोठून गाठता येणार? छळ होणाऱ्या स्त्रियांसाठी ‘डिजिटल राइट्स फाउंडेशन’ या संस्थेने डिसेंबर २०१६ पासून दूरध्वनी मदतसेवा चालवली आहे. तिचे मोल मोठे आहे, पण ज्या स्त्रीच्या हाती स्वतःचा संचच नाही तिच्यापर्यंत ती पोहोचणे कठीण.

शासनाने काय केले, असा प्रश्न येतो. बंदीचा उपाय वारंवार झाला. यूट्यूब सप्टेंबर २०१२ पासून जानेवारी २०१६ पर्यंत बंद होते. टिकटॉकवर ऑक्टोबर २०२० पासून वर्षभरात चार वेळा बंदी आली आणि चारही वेळा उठली. एक्स हे माध्यम फेब्रुवारी २०२४ ते मे २०२५ बंद राहिले. जाणकार लोक आडवाटेने ते वापरीतच होते. सायबर गुन्ह्यांचा कायदा २०१६ साली झाला. जानेवारी २०२५ च्या दुरुस्तीने खोटी माहिती पसरवणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कैद आणि वीस लाख रुपयांपर्यंत दंड ठेवण्यात आला. त्या देशातील पत्रकारांनी याविरुद्ध निदर्शने केली. खोटे काय हे ठरवण्याचा अधिकार शासनाकडे गेला की, गैरसोयीचे खरेही खोटे ठरते, हे त्यांचे म्हणणे डावलण्यासारखे नाही. शिवाय लोकांचा शासनाच्या शब्दावर विश्वास नसेल तर खरा खुलासाही व्यर्थ जातो. ऑक्टोबर २०२४ मध्ये लाहोरच्या एका खासगी महाविद्यालयात विद्यार्थिनीवर अत्याचार झाल्याची वार्ता पसरली. असे घडल्याचा पुरावा शासकीय समितीला आढळला नाही. तरीही अनेक शहरांत विद्यार्थी रस्त्यावर उतरले आणि चकमकी झाल्या, कारण प्रकरण दडपले जात आहे, हीच समजूत आधी रुजली होती.

मे २०२५ मध्ये भारत व पाकिस्तान यांच्यात सशस्त्र संघर्ष झाला त्या दिवसांत दोन्ही देशांतील घरांत बनावट चित्रफितींचा पाऊस पडला. ‘आर्मा ३’ नावाच्या संगणकीय खेळातील दृश्ये लढाईची म्हणून फिरली. पाकिस्तानी लष्कराच्या प्रवक्त्याचा आवाज व ओठ बनावट रीतीने जुळवून, दोन विमाने गमावल्याची कबुली त्याच्या तोंडी घालण्यात आली आणि ती येथील काही माध्यमांनीही खरी मानली. म्हणजे हा रोग पलीकडचाच आहे असे मानण्यास जागा नाही. जालंधरवर ड्रोन हल्ला झाल्याची म्हणून फिरलेली चित्रफीत शेतातील आगीची होती, हा खुलासा भारत सरकारच्या पत्र सूचना कार्यालयाच्या तथ्यपडताळणी विभागाने केला. भारत सरकारने त्याआधीच, एप्रिल २०२५ अखेरीस, १६ पाकिस्तानी यूट्यूब वाहिन्या बंद केल्या होत्या. पण संदेशवहनाच्या खासगी गटांतून जे येते त्याला वाहिनीचे नाव नसतेच.

राईनपाड्यानंतर आपल्या देशात काही गोष्टी झाल्या. जुलै २०१८ मध्ये व्हॉट्सॲपने भारतात एक संदेश एका वेळी पाचच ठिकाणी पाठवता येईल अशी मर्यादा घातली आणि पुढे ढकललेल्या संदेशावर तशी खूण दिसू लागली. १७ जुलै २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने जमावाच्या हिंसाचाराबाबत निर्देश दिले. प्रत्येक जिल्ह्यात पोलीस अधीक्षकाहून कमी नाही अशा दर्जाचा अधिकारी त्यासाठी नेमावा, हा त्यांतील एक निर्देश. पंचायत सदस्यांनी आपल्या जिल्ह्यातील या अधिकाऱ्याचा दूरध्वनी क्रमांक ग्रामपंचायतीच्या फलकावर लिहून ठेवण्यास खर्च काही येत नाही. भिक्षुकीसाठी किंवा मजुरीसाठी आलेल्यांचे पाल गावाबाहेर पडले की, त्यांची नावे व मूळ गाव पोलीस पाटलाने विचारून नोंदवावे आणि ती माहिती बाजाराच्या दिवशी गावात सांगावी. ज्याचे नाव गावाला ठाऊक आहे त्याच्याबद्दल वदंता उठणे थोडे अवघड जाते.

शाळेतील शिक्षकांना आणखी एक गोष्ट करता येण्याजोगी आहे. कराचीची ती मूळ चित्रफीत वरच्या वर्गातील मुलांना दाखवावी. मोटारसायकल मुलाला घेऊन दिसेनाशी होते तेथे ती थांबवावी आणि काय घडले, हे कोठे घडले, हे कोणी चित्रित केले असावे, असे मुलांना वहीत लिहावयास सांगावे. वह्या मिटल्यावर उरलेले काही क्षण दाखवावेत.